आवक क्रमांक ७४१

१

आवक नोंदवहीत ७४१ या आकड्यासमोर बाबांचा अर्ज नव्हता. तिथे लिहिलं होतं, ‘नळाच्या पाण्याला घाण वास येतो, कृपया लक्ष घालावे.’

हेडक्लार्कने त्या ओळीखालून नख फिरवलं. नख लांब होतं. त्यात काय काय साठलं होतं ते भिंगरीला बघायचं नव्हतं, तरी ती तिथेच बघत राहिली, कारण मान वर केली असती तर बाबांचा चेहरा दिसला असता.

भिंगरी सोळा वर्षांची. शाळेच्या हजेरीत तिचं नाव वेगळं होतं, पण एका जागी बसणं तिला लहानपणापासून जमलं नाही, म्हणून घरादाराने तिला भिंगरी करून टाकलं होतं. आज मात्र ती खुर्चीला खिळल्यासारखी बसली होती.

बाबा पाणीपुरवठा खात्यात होते. जलशुद्धीकरण केंद्रावर पाण्यात क्लोरीन सोडायचं, तासातासाला लॉगबुकात नोंद करायची, हे त्यांचं काम. तीन वर्षांपूर्वी एका पाळीत क्लोरीन सुटलंच नाही आणि अख्खी वसाहत आजारी पडली. लॉगबुकात त्या पाळीखाली बाबांची सही निघाली. बाबा म्हणत राहिले की पाळी माझी नव्हती, सही माझी नव्हती. कोर्टाने ऐकलं नाही. शिक्षा झाली, नोकरी गेली. मग वरच्या कोर्टात अपील, आणि या वर्षी निकाल: निर्दोष. लॉगबुकातलं पानच मागाहून घातलेलं होतं, ते कुणी घातलं ते मात्र सिद्ध होत नाही, असं त्या कोर्टाने लिहिलं. त्या दिवशी आई रडली, बाबा झोपले, आणि भिंगरीने बासष्ट पानांचा निकाल पहिल्यांदा वाचला. नंतर तिने तो इतक्यांदा वाचला की शाळेतल्या धड्यांची वाक्यं विसरली तरी न्यायमूर्तींची विसरत नसे.

नियम साधा होता. शिक्षा रद्द झाल्यावर नव्वद दिवसांत निकालाची प्रत जोडून अर्ज दिला, की खात्याने माणसाला त्याच्याच जागी परत घ्यायचं. तो त्याचा हक्क. नव्वद दिवस उलटले, की तो खात्याचा उपकार. आणि हे खातं उपकार कसं करतं ते सगळ्यांना ठाऊक होतं.

बाबांनी अर्ज एकोणचाळिसाव्या दिवशीच दिला होता. बारा तारीख, मंगळवार. आपल्या प्रतीवर त्यांनी पोचही घेतली होती: गोल शिक्का, तारीख, क्रमांक ७४१. नंतर दर आठवड्याला त्यांना एकच उत्तर मिळायचं, अर्ज वर गेलाय, होईल. एक्क्याण्णवाव्या दिवशी, शुक्रवारी, पत्र आलं की मुदतीत अर्ज न आल्यामुळे ती जागा सध्याच्या माणसाला कायम देण्यात येत आहे. बाबा पोच घेऊन धावत ऑफिसात गेले. सोमवारी या, बघू, असं सांगितलं गेलं. आणि आज, सोमवारी, ७४१ समोर घाण वास येत होता.

“पोच खोटी आहे,” हेडक्लार्क म्हणाला. “शिक्का काय, काउंटरवरच पडलेला असतो. तुमचा हात आधीपासूनच या बाबतीत तयार आहे, असं लोक म्हणायचे. मी नाही म्हणत.”

त्याने दुसरा कागद पुढे सरकवला. बनावट पोच तयार केल्याबद्दल नोटीस. पुढच्या सोमवारी वरच्या ऑफिसातून चौकशी अधिकारी येणार. खुलासा समाधानकारक नसेल तर पोलीस.

तीन वर्षं घासून घासून धुतलेलं नाव सात दिवसांत पुन्हा काळं होणार होतं, तेही त्याच डागाने. बाबांनी नोटिशीवर सही केली. ती इतकी वेडीवाकडी आली की खरोखर खोटी वाटली असती.

२

नोटिशीच्या मागे बारीक अक्षरात नियम छापलेले होते. ते कुणी वाचत नाही म्हणूनच बारीक असतात, असं भिंगरीचं मत. कलम चार: कर्मचाऱ्याला कागदपत्रं पाहता येतील. कलम पाच: त्याला एक मदतनीस आणता येईल. युनियनचे लोक आठवडाभर अचानक गावाला गेले होते. बाबांच्या मदतनीसाचं वय काय असावं याबद्दल कलम पाच गप्प होतं.

तेव्हा बुधवारी शाळा सुटल्यावर मदतनीस दप्तरासकट हजर झाली.

आवक विभाग म्हणजे एक लांबट खोली. ओल आलेली भिंत, डिंकाची बाटली जिच्या तोंडाशी माश्या कायमच्या राहायला आल्या होत्या, आणि बोटं ओली करायची स्पंजची वाटी. त्या वाटीतलं पाणी हिरवं झालं होतं. पाणीपुरवठा खात्यातलं पाणी. भिंगरीला हसू आलं आणि तिने हात मागे घेतला.

“अगं, तू कशाला आलीस या नरकात?” काउंटरमागून मावशी म्हणाली.

आवक लिपिक असलेली ही मावशी सख्खी नव्हती, सख्खीहून सख्खी होती. बाबांच्या जुन्या जोडीदाराची बायको. बाबा तुरुंगात असताना सगळ्या नातेवाइकांनी फोन उचलणं बंद केलं तेव्हा दर आठवड्याला डबा घेऊन येणारी एकटी हीच. तिचे यजमान, काका, बाबांच्याच केंद्रावर होते. बाबा गेल्यावर बाबांची खुर्ची त्यांना मिळाली होती, तात्पुरती. त्याबद्दल काका इतक्यांदा कानकोंडे झाले होते की शेवटी बाबांनाच त्यांची समजूत घालावी लागली होती.

मावशीने नोंदवही काढून दिली. जाडजूड, पानांवर छापील आकडे, दिवसाला पस्तीस-चाळीस कागदांच्या नोंदी. ७४१ अडतिसाव्या पानावर होता. आगेमागे सगळं मावशीच्या अक्षरात, मोती ओवल्यासारखं. खाडाखोड नाही, डाग नाही. पान ओढून पाहिलं तर घट्ट. फाडलेलं नाही, चिकटवलेलं नाही.

भिंगरी पुढची पानं उलटत गेली. मधेच एका ठिकाणी वही सपाट उघडली आणि शिलाईचा दोरा दिसला. पिवळट, मेणचट. तिने बोट फिरवलं तर ते चिकट झालं. शी म्हणत तिने ते स्कर्टला पुसलं. पुढे अठ्ठावन्नाव्या पानावर निम्म्यातून हेडक्लार्कचं अक्षर सुरू झालं. शाईत बुडून मेलेले डास ओळीत वाळत घातल्यासारखं. मावशी रजेवर असली की नोंदवही तो लिहायचा आणि वाचणाऱ्यावर सूड उगवायचा. पान उलटल्यावर पुन्हा मावशीचं अक्षर आलं तेव्हा डोळ्यांना गार पाणी लावल्यासारखं वाटलं. पण ते सुख दोनच पानं. एकसष्टाव्यावर डास परत.

“सापडलं काही?” मावशीने विचारलं.

भिंगरीने नाही म्हणून मान हलवली. मावशीने तिच्या गालावरून हात फिरवला आणि पदराने स्वतःचे डोळे टिपले. मग हळूच म्हणाली, “दादांना, तुझ्या बाबांना सांग, चूक कबूल करून टाका. खालच्या आवाजात मिटवता येईल. मी साहेबांशी बोलते.”

बाबा दारात उभे होते. त्यांनी ऐकलं. ते म्हणाले, “मी अर्ज दिला होता.” एवढंच. पहिल्या खटल्यातही ते एवढंच म्हणायचे.

३

पोच दिली कुणी? इथून सुरुवात करायला हवी होती.

बाबांना नीट आठवत होतं. जेवणाची सुट्टी होती, मावशी जाग्यावर नव्हती, काउंटरवर शिपाईमामा बसले होते. त्यांनीच शिक्का मारला, त्यांनीच वहीत ओळ लिहिली, त्यांनीच आकडा दिला.

शिपाईमामा जिन्याखाली स्टोव्हवर चहा उकळत होते. निवृत्तीला दोन महिने उरलेले. भिंगरीने सरळ विचारलं. त्यांनी सरळ उत्तर दिलं नाही. आधी म्हणाले मला दिसत नाही, मग म्हणाले मला आठवत नाही, मग म्हणाले मी नोंदवहीला कधी हात लावत नाही. या तिन्हींतलं एकही तिने विचारलं नव्हतं. चहावर साय धरली होती, ती त्यांनी बोटाने काढून भिंतीला पुसली. भिंतीवर अशा कितीतरी सायी वाळल्या होत्या.

“पोरी,” ते शेवटी म्हणाले, “दोन महिने. फक्त दोन महिने मला काही आठवायचं नाही.”

हेडक्लार्कशी बोलणं त्याहून लवकर आटोपलं. शुक्रवारी बाबा पोच दाखवत होते तेव्हा तो बाहेरून आला होता आणि ती हातात घेऊन उजेडाकडे धरून पाहिली होती, हे त्याने स्वतःच सांगितलं. अर्ज खरंच आला असता तर त्याला काय अडचण होती? काहीच नाही, तो म्हणाला. त्याच्यासाठी माणूस घेणं आणि माणूस काढणं हे सारख्याच लांबीचं टिपण होतं.

“निकालाची प्रत खात्याला आधी कोर्टाकडूनही आली होती ना?” भिंगरीने विचारलं.

“आली असेल. फायलीत आहे.”

“वाचली?”

तो तिच्याकडे असा पाहत राहिला, की जणू तिने विचारलं असावं, खाल्लीत का. मग त्याने फाइल काढून दाखवली, प्रामाणिकपणे. बासष्ट पानं. शेवटचं पान चुरगळलेलं, बोटांचे डाग असलेलं. बाकीची एकसष्ट कोरी करकरीत. ‘अपील मंजूर’ एवढं कळलं की झालं.

बाहेर पडताना भिंगरीने हिशेब मांडला. पोच आहे हे शुक्रवारपर्यंत ऑफिसात कुणाला माहीत नव्हतं. शिपाईमामांना होतं, पण त्यांनी ते विसरायचं ठरवलं होतं. शुक्रवारी ती तिघांनी पाहिली: शिपाईमामा, हेडक्लार्क, मावशी. सोमवारी नोंद बदललेली होती. मधे शनिवार आणि रविवार.

तिघांतलं एक नाव तिने मनातल्या मनात खोडलं. नंतर स्वतःचीच लाज वाटली. खोडलं कशाच्या जोरावर? डब्याच्या?

४

“जीभ आवर,” आई म्हणाली. आईने आवाज चढवला नाही, ते जास्त वाईट होतं. “माझं ऑपरेशन झालं तेव्हा तुझी सख्खी आत्या आली होती? सत्तावीस आणि अठ्ठावीस, दोन्ही दिवस रजा टाकून मावशी माझ्या उशाशी बसली. उलटी झाली तर ओंजळ पुढे केली तिने. ओंजळ. आणि तू तिचं नाव घेतेस?”

 आईचं खरं होतं. बाबांनी अर्ज दिला त्याच महिन्यात झालेल्या, पित्ताशयाच्या त्या ऑपरेशनच्या वेळी दवाखान्याच्या बाकावर मावशीच्याच मांडीवर डोकं ठेवून ती झोपली होती.

संध्याकाळी काका-मावशी दोघंही आले. मावशीच्या हातात डबा. काका आल्या आल्या बाबांच्या शेजारी बसले, गुडघ्याला गुडघा लावून. बाबांचा हात हातात घेऊन म्हणाले की मला ती खुर्ची नको रे, मला झोप येत नाही तिच्यावर. बाबा म्हणाले, “तुझा काय दोष?” काकांनी मान खाली घातली. मग काहीतरी करायचं म्हणून भिंगरीचं दप्तर जवळ ओढलं आणि पट्टा ताणून पाहिला.

“टिकलाय ना? मेणाचा दोरा आहे, आमच्या केंद्रातला. कॅनव्हासच्या नळ्या शिवायचा. हत्ती लटकला तरी तुटायचा नाही.”

तो पट्टा मागच्या वर्षी काकांनीच शिवून दिला होता. बाबा तुरुंगात, नव्या दप्तराचं नाव काढायची सोय नाही. भिंगरीने तेव्हा त्यांच्या गळ्यात हात टाकले होते.

“वर्गात याच पट्ट्याने मारामाऱ्या करते ती,” मावशी म्हणाली, आणि पहिल्यांदाच सगळे हसले. आईसुद्धा. जेवताना मावशीने बाबांच्या ताटात आग्रहाने वाढलं. खा हो दादा, सोमवारी बोलायला अंगात जोर हवा.

भिंगरीने ताट बाजूला सारलं. का ते तिला कळत नव्हतं. बोटावर अजून काहीतरी चिकट आहे असं वाटत होतं आणि तिने तीनदा हात धुतले.

५

शुक्रवारी, भूगोलाच्या तासाला, मागच्या बाकावरच्या मैत्रिणीने पाठीत पेन टोचलं. तिला एक कोरं पान हवं होतं. तिला रोजच एक कोरं पान हवं असायचं.

“तुझी वही कधी जन्माला येणार आहे?” भिंगरी कुजबुजली, आणि तिने आपल्या वहीच्या पुढच्या भागातलं एक पान टर्रकन ओढून दिलं.

तास संपताना वही उचलली तर मागच्या भागातून एक पान निसटून जमिनीवर पडलं. त्यावर तिचा अर्धा निबंध होता. उद्या द्यायचा.

“मेलीस तू,” ती मागे वळून म्हणाली. मग थांबली. पान हातात तसंच राहिलं.

चव्वेचाळिसावं पान. वहीचं नव्हे, निकालाचं. न्यायमूर्तींनी तिथे सावकाश, शिकवणीला घेतल्यासारखं लिहिलं होतं... आणि हे पान त्या ऑफिसात कुणीही उघडलेलं नव्हतं. एकसष्ट पानं कोरी करकरीत.

मैत्रीण विचारत होती की रागावलीस का. भिंगरीने दप्तर मांडीवर ओढलं आणि पट्ट्यावरून बोट फिरवलं. बोट चिकट झालं.

 ती धावत बेसिनपाशी गेली, तोंड धुतलं, आरशात स्वतःला पाहिलं आणि ठरवलं की घरी एक शब्दही सांगायचा नाही. आईला सांगितलं तर ती विश्वास ठेवणार नाही. बाबांना सांगितलं तर ते ठेवतील, आणि मग सोमवारी त्यांच्याने बोलवणार नाही.

शनिवारी संध्याकाळी मावशीचा दुसरा डबा आला. भिंगरी तो मोरीत ओतता ओतता थांबली, आणि झाकण लावून म्हणाली की मला भूक नाही.

६

चौकशी अधिकारी म्हणजे एक बुटक्या, जाड चष्म्याच्या बाई. त्यांनी मदतनीसाचं वय विचारलं, उत्तर ऐकलं, नियम उलटून पाहिला आणि म्हणाल्या, “वय लिहिलेलं नाही. बस.” खोलीत बाबा, हेडक्लार्क, नोंदवही घेऊन मावशी आणि दाराशी शिपाईमामा. काका बाहेर बाकावर. ज्याची खुर्ची पणाला लागली होती त्याला बोलावणं भागच होतं.

“बोला,” बाई बाबांना म्हणाल्या.

“मी अर्ज दिला होता,” बाबा म्हणाले.

“आणि?”

“आणि पुढचं ही बोलेल.”

भिंगरी उठली. आवाज स्पष्ट निघाला तेव्हा तिचं तिलाच नवल वाटलं.

“मॅडम, अडतिसावं पान खोटं आहे. पण ते पान बघून काहीच कळणार नाही. एकोणसाठावं बघा.”

हेडक्लार्क हसला. बाई हसल्या नाहीत. त्यांनी पान काढलं.

“ही वही चिकटवलेली नाही, शिवलेली आहे,” भिंगरी म्हणाली. “आठ मोठे कागद एकात एक घालून मधोमध शिवतात. म्हणजे पुढचं प्रत्येक पान मागच्या एका पानाला जोडलेलं असतं. सदतीस-अडतीसचा जोडीदार एकोणसाठ-साठ. दोन्ही मिळून कागद एकच. नुसतं अडतीस फाडलं तर एकोणसाठ निसटून पडेल. म्हणून ज्याला अडतीस बदलायचं आहे त्याला एकोणसाठही बदलावं लागतं. आणि त्यावर त्या दिवसापर्यंत जे लिहून झालंय ते सगळं पुन्हा लिहावं लागतं.”

“हे तुला कुणी सांगितलं?”

“न्यायमूर्तींनी. निकालाचं पान चव्वेचाळीस. लॉगबुक याच रीतीने बदललं होतं, ते तिथे उलगडून लिहिलंय. निकालाची प्रत या ऑफिसातच आहे. इथे कुणीतरी ते पान वाचलं असतं तर तीच चोरी तशीच परत केली नसती.”

बाईंनी चष्मा पुसला. “एकोणसाठावर काय आहे?”

“सत्तावीस तारीख, बुधवार. अठ्ठावन्नाव्या पानावर हाच दिवस सुरू होतो, हेडक्लार्क साहेबांच्या अक्षरात. एकसष्टाव्यावर अठ्ठावीस, तेही साहेबांच्या अक्षरात. मधली दोन पानं बघा कुणाच्या अक्षरात आहेत.”

हेडक्लार्क पुढे वाकला. स्वतःचं अक्षर त्याने लगेच ओळखलं, आणि ते मधेच नाहीसं झालेलं पाहून त्याचा चेहरा उतरला. “त्या दिवशी अख्खा दिवस मीच लिहिलं होतं,” तो म्हणाला. “या लिपिक बाई रजेवर होत्या. हजेरीपटात आहे.”

खोलीत स्पंजच्या वाटीचा वास आहे, असं भिंगरीला वाटलं. तिने मावशीकडे पाहिलं नाही.

“त्या दोन्ही दिवशी मावशी दवाखान्यात होती,” ती म्हणाली. “माझ्या आईपाशी. सकाळपासून रात्रीपर्यंत. मी तिच्या मांडीवर झोपले होते, मॅडम. त्या दिवशी तिने इथे एक ओळही लिहिलेली असू शकत नाही.”

बाबांनी टेबलाची कड धरली.

“आणि शिलाई,” भिंगरीने दप्तर टेबलावर ठेवलं. “पुढचे मागचे सगळे गठ्ठे पांढऱ्या सुताने शिवलेत. हा एकच मेणाच्या पिवळ्या दोऱ्याने. हा दोरा या ऑफिसात नाही, शुद्धीकरण केंद्राच्या स्टोअरमध्ये आहे. माझ्या पट्ट्याचा टाका आणि वहीचा टाका शेजारी धरा. दोन्हीकडे गाठ एकाच हाताची.”

बाईंनी धरून पाहिलं. बराच वेळ पाहिलं. मग कोऱ्या वह्यांच्या कपाटाची किल्ली मागितली. किल्ली मावशीच्या कमरेला होती. ती द्यायला मावशीला वेळ लागला. कपाटात बारा वह्या. अकरा धड होत्या. बारावीत छत्तीसनंतर एकोणचाळीस होतं.

“ही फाडलेली वही जाळून का नाही टाकलीत?” बाईंनी विचारलं. त्यांना खरंच कुतूहल होतं.

मावशी पुटपुटली, “मोजदादीत एक कमी भरली असती.”

दाराशी शिपाईमामा अचानक बोलले. “बारा तारखेच्या जेवणाच्या सुट्टीतल्या चार ओळी माझ्या होत्या. माझं अक्षर कुठंय यात?”

आता आठवलं त्यांना. दोन महिने संपायच्या आत. भिंगरीला त्यांचीही किळस आली.

७

काकांना आत बोलावलं. त्यांनी टेबलावरचा पट्टा पाहिला, वही पाहिली आणि खुर्ची न विचारताच बसले. म्हणाले की हिचा काही दोष नाही, मी शिवलं, मी सांगितलं म्हणून हिने अर्ज दाबून ठेवला आणि पानं लिहिली. मग बाईंनी लॉगबुकाबद्दल विचारलं. 

“माझ्या पाळीत एकदाच झोप लागली होती,” काका म्हणाले. “एकदाच. लोक एवढे आजारी पडतील असं वाटलं नव्हतं.”

“आणि माझी सही?” बाबांनी विचारलं. त्या दिवसातला त्यांचा हा पहिला प्रश्न.

“तुझी सोपी आहे रे,” काका म्हणाले. त्यांना काही वाईट बोलतोय असं वाटतसुद्धा नव्हतं.

मावशीने मग भिंगरीचा हात धरायला हात पुढे केला. भिंगरी मागे सरली. तेव्हा मावशीच्या चेहऱ्यावरचं सगळं ओघळून गेलं आणि आत जे होतं ते दिसलं, आणि ते रागावलेलं होतं. “मी काय कमी केलं गं तुमचं?” ती म्हणाली. “तीन वर्षं डबे पुरवले. तुझ्या आईची ओकारी या हातांनी झेलली.”

“हो,” भिंगरी म्हणाली. “त्याच हातांनी.”

तिला आणखी खूप बोलायचं होतं. तीन वर्षांत खाल्लेला प्रत्येक घास तिला पोटात आठवत होता. पण तोंड उघडलं तर शब्द येणार नाहीत, दुसरंच काहीतरी येईल, असं वाटलं आणि ती बाहेर निघून आली.

पुढचं लवकर झालं. अर्ज बारा तारखेला आला होता, मुदतीत आला होता, सबब कर्मचाऱ्याला त्याच जागी, त्याच दिवसापासून, मधली सगळी वर्षं सेवेत धरून परत घ्यावं, असं बाईंनी लिहिलं. उपकार नव्हे, हक्क, हे शब्द काही त्यांनी लिहिले नाहीत, पण बाबांना कागद देताना तोंडाने म्हणाल्या. नोंदवही, कोरी वही आणि दप्तराचा पट्टा सीलबंद पाकिटात गेले. पोलीस आले, ते या वेळी दुसऱ्या दारी.

बाबा कामावर हजर झाले त्या सकाळी भिंगरीही बरोबर गेली, शाळेला वेळ होता म्हणून. हेडक्लार्क उठून उभा राहिला, अभिनंदन म्हणाला, म्हणाला की मला पहिल्यापासून शंका होतीच. शिपाईमामांनी चहा आणला, साय काढून. ज्यांनी तीन वर्षं रस्त्यात बाबांना पाहून फुटपाथ बदलला ते सगळे एकेक करून हात मिळवायला आले. सगळ्यांचे हात ओले होते, स्पंजच्या वाटीतून आल्यासारखे. बाबांनी हात जोडले, मिळवला नाही कुणाशीच. चहा टेबलावर तसाच राहिला. आवक विभागात नवीन मुलगी बसली होती. तिने नोंद केली, आकडा दिला, शिक्का मारला. बाबांनी नोंदवही आपल्याकडे फिरवून घेतली, आपली ओळ वाचली, मग हलकेच मागचं जोडीचं पान शोधून त्यावरून अंगठा फिरवला. तेव्हा कुठे सही केली. सही सोपी राहिली नव्हती. खाली दोन रेघा, एक वळसा आणि एक टिंब, वर्षभर सराव केल्यासारखं काहीतरी.

घरी मावशीचा शनिवारचा डबा अजून ओट्यावरच होता. आईने तो घासला होता, पुन्हा घासला होता, आणि पालथा घातला होता. परत कुणी नेऊन द्यायचा यावर कुणीच काही बोलत नव्हतं. शेवटी भिंगरीने तो भंगारवाल्याच्या पोत्यात टाकला. आईने ओटा पुसून घेतला.

दप्तराला आता पट्टा नव्हता. भिंगरी ते छातीशी कवटाळून शाळेत जाऊ लागली. पहिल्याच आठवड्यात बाबा जुना कापडी पट्टा, सुई आणि पांढरं सूत घेऊन दारात बसले. चार वेळा सुईत दोरा ओवला, पाच वेळा बोट टोचून घेतलं. टाके निघाले ते एक उत्तरेला, एक दक्षिणेला.

“वाकडं झालंय,” ते म्हणाले. “उसवून परत घालू?”

“नको,” भिंगरी म्हणाली. तिने पट्टा खांद्यावर चढवला, दोन उड्या मारून पाहिल्या, आणि टाक्यांवरून बोट फिरवलं. खरखरीत होते. चिकट नव्हते.